पंप आपोआप का सुरू होतो? वडगावच्या घरातल्या गरम पाण्याच्या प्रेशरच्या नोंदी

४ जानेवारी २०२५, शनिवार, रात्री

संध्याकाळी आक्काचा फोन आला. "अरे, पंप रात्रभर आपोआप चालू व्हायलाय बघ. नळ सगळे बंद आहेत. येऊन बघून जा की." जेवून नऊला बेळगावच्या वडगावात पोचलो.

त्यांच्या घराला दोन्ही बाजूंनी माग आहेत. दिवसभर खडखडाटात पंपाचा आवाज कुणाला येत नाही. रात्री माग थांबले की मगच गच्चीवरचा 'टक्, घुर्र, टक्' ऐकू येतो. म्हणजे हा प्रकार किती दिवस चालू होता ते घरात कुणालाच सांगता येत नाही. आक्का म्हणते दिवाळीनंतर. भावजी म्हणतात त्याच्याही आधीपासून.

खरं दुखणं आवाजाचं नाहीच. आक्काच्या सासूबाई (मी त्यांना मावशी म्हणतो, वय ८४) सकाळी शॉवरखाली स्टूलवर बसून अंघोळ करतात. गेल्या आठवड्यात दोनदा पाणी मधेच गार झालं आणि लगेच चटका बसेल इतकं गरम आलं. त्या वयात तोल जायला तेवढं पुरतं. तेव्हापासून त्या बादलीनेच अंघोळ करतात. बादली उचलताना कमरेला त्रास होतो, पण बोलून दाखवत नाहीत. हे ऐकल्यावर म्हटलं, नुसतं बघून जायचं नाही, मुळापर्यंत जायचं.

घरातली मांडणी अशी. गच्चीवर स्टँडवर १००० लिटरची टाकी. तिच्याखाली प्रेशर पंप. त्याला लागून २४ लिटरचा प्रेशर टँक, म्हणजे आत रबराची पिशवी, पिशवीत पाणी आणि पिशवीबाहेर दाबलेली हवा. दाबाप्रमाणे पंप चालू-बंद करणारा प्रेशर स्विच आणि दाब दाखवणारं गेज तिथेच. पंपाच्या आधी, टाकीकडच्या बाजूला एक नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह, म्हणजे पाणी एकाच दिशेने जाऊ देणारा. पंपानंतर लाइनचे दोन फाटे होतात. एक गार पाण्याचा, घरभर जातो. दुसरा २०० लिटरच्या प्रेशरवाल्या सोलरला आणि तिथून गरम पाणी खाली न्हाणीत. सोलरच्या टाकीवर सेफ्टी व्हॉल्व्ह, दाब फार वाढला की उघडून पाणी बाहेर सोडणारा.

रात्री साडेदहाला सगळे नळ घट्ट बंद केले, दोन्ही फ्लश टँकमध्ये कपड्यांची नीळ टाकली आणि गच्चीवर चटई टाकून बसलो. भाचा वही घेऊन शेजारी. गेज ३.६ केजीवरून (केजी म्हणजे चौरस सेंटीमीटरला किलो, दाबाचं माप) सावकाश खाली येतं, २.२ ला स्विच टक् करतो, पंप दोन-तीन सेकंद फिरतो, परत ३.६. दर ११ मिनिटांनी, घड्याळ लावल्यासारखं. आठ तासांच्या रात्रीत ४३ वेळा. मोटर सुरू होताना सगळ्यात जास्त करंट ओढते, आणि ही बिचारी रात्रीत ४३ वेळा धक्का खाते.

साडेअकराला खाली येऊन फ्लश बघितले. भांड्यात निळा रंग नाही. म्हणजे गळती फ्लशमध्ये नाही.

५ जानेवारी, रविवार

आज दिवस मोकळा. गोकाककडचा एक प्लंबर माझ्या ओळखीचा आहे, त्यालाही बोलावलं. कन्नड आणि मराठी दोन्ही एकाच वाक्यात बोलतो, हात स्वच्छ.

आधी एक मोजमाप. गेज ३.६ वर असताना पंपाचा प्लग काढला. खाली न्हाणीतला गार पाण्याचा नळ सोडून पाणी मापाच्या भांड्यात घेतलं आणि गेज २.२ ला आल्यावर भाच्याने वरून हाक दिली तसा नळ बंद केला. भांड्यात ६०० मिली, जेमतेम तीन फुलपात्री.

नीट टँक असता तर सात-आठ लिटर निघायला हवं होतं. २४ लिटरच्या टँकमध्ये सगळा दाब हवा धरून ठेवते. पाणी दाबलं जात नाही, हवा दाबली जाते. हवाच नसेल तर पेलाभर पाणी गेलं तरी काटा धाडकन खाली येतो. आमच्या उद्यमबागेतल्या कारखान्यात हायड्रॉलिक पॉवर पॅक बनवताना ॲक्युम्युलेटर (तेलाचा दाब साठवणारं भांडं) लावतो, त्यात नायट्रोजन भरतो, तेही याच कारणासाठी. तेलाला स्प्रिंग नसते, गॅसला असते.

मग हवा तपासली. इथे मागच्या फिटरची चूक झाली होती. भावजी म्हणाले, "त्यानं गाडीचं गेज लावून बघितलं होतं की. हवा भरपूर आहे म्हणाला." त्याने लाइनमध्ये पाण्याचा दाब असतानाच गेज लावलं असणार. तसं लावलं तर पिशवीच्या आत पाण्याचा जेवढा दाब, तेवढाच बाहेर हवेचा दिसतो. थेंबभर हवा उरली असली तरी गेज ३०-४० पीएसआय (टायरच्या हवेचं माप) दाखवेल. टँकची स्वतःची हवा बघायची तर पंप बंद, वरच्या टाकीचा व्हॉल्व्ह बंद, खालचा नळ उघडा, लाइनचं गेज शून्य, आणि मग टँकच्या मागची टोपी काढून मोजायचं.

तसं केलं. टोपी नव्हतीच, कधी पडली देव जाणे. गेज लावलं, काटा हलला नाही. प्लंबरने खिळ्याच्या टोकाने हवा भरायच्या तोंडातली पिन दाबली. बाहेर फुस्स व्हायच्या ऐवजी हवा आत ओढली गेली, बारीक शीळ वाजली, आणि त्याच क्षणी खालच्या उघड्या नळातून गळक्-गळक् करत पाणी पडायला लागलं. म्हणजे पिशवी पाण्याने फुगून टँकच्या पत्र्याला चिकटली होती. बाहेर हवेला जागाच नव्हती, म्हणून पिशवीतलं पाणीही खाली येत नव्हतं. प्लंबर माझ्याकडे बघून म्हणाला, "गाळी इल्ल, अण्णा." हवा नाही.

पिनमधून पाणी मात्र आलं नाही. म्हणजे पिशवी फाटलेली नाही. मोठा खर्च वाचला.

नंतर साबणाचं पाणी लावायचं म्हणून पायपंपाने थोडी हवा भरली आणि पिनवर फेस ठेवला. अर्ध्या मिनिटात मोहरीएवढा बुडबुडा आला, वाढला, फुटला, दुसरा आला. दोष तिथे आहे. ट्यूबच्या व्हॉल्व्हची असते तशी ती पिन, काही रुपयांची.

आणखी एक गोष्ट दिसली, ती मनाला लागली. मागच्या फिटरने "प्रेशर कमी येतंय" म्हटल्यावर प्रेशर स्विचची स्प्रिंग आवळून ठेवली होती. म्हणून २.२ आणि ३.६. सोलरच्या टाकीवरची पट्टी पुसून वाचली. काम करायचा दाब ३.५ केजी, सेफ्टी व्हॉल्व्ह ४ केजी. म्हणजे गेले कित्येक महिने दर ११ मिनिटांनी ती टाकी तिच्या मर्यादेपलीकडे ताणली जात होती. प्रेशर कमी वाटलं की स्विच आवळायचा ही सवय फार वाईट. गळती असते तिथेच राहते, उलट दाब वाढल्यामुळे जास्त गळते.

६ जानेवारी, सोमवार, संध्याकाळी

कामावरून येताना पंक्चरवाल्याकडून नवी पिन आणि धातूची टोपी घेतली. टोपीत रबरी वॉशर आहे ना ते बघून घेतली.

स्विच परत कट-इन (पंप सुरू व्हायचा दाब) १.४ आणि कट-आउट (बंद व्हायचा) २.८ केजीवर आणला. १.४ म्हणजे २० पीएसआय. टँकची हवा कट-इनपेक्षा २ पीएसआय कमी ठेवायची असते, म्हणून १८. लाइन रिकामी ठेवून भाच्याच्या सायकलच्या पंपाने भरली. ७० च्या आसपास झटके लागले. तो म्हणाला, "मामा, सायकलची दोन चाकं होतील एवढ्यात." त्याला म्हटलं, "चाकात लिटर-दीड लिटर जागा असते, इथे २४."

पुन्हा तीच भांड्याची चाचणी. २.८ पासून १.४ पर्यंत ७.६ लिटर. कालच्या सहाशे मिलीच्या जागी साडेसात लिटर निघाल्यावर आक्काने चहा ठेवला.

शॉवरचं पाणीही लगेच बदललं. आधी नळ सोडला की दाब सेकंदा-सेकंदाला वरखाली व्हायचा आणि मिक्सरमध्ये गार-गरमची मिसळ त्याच्याबरोबर हलायची. आता धार एकसारखी.

८ जानेवारी, बुधवार

दोन दिवस सगळे खूश. "पंप गप्प झाला, आता सोड की," असं आक्काचं म्हणणं.

पण मी सोमवारी भाच्याला सांगून आलो होतो की रात्री पंप कधी वाजतो ते लिहून ठेव. आज त्याने वहीचं पान पाठवलं. ११.१०, २.१५, ५.१०. साधारण तीन-तीन तासांनी. कुणी नळ सोडला नव्हता.

तीन तासांत ७.६ लिटर म्हणजे मिनिटाला ४२ मिली. आधी काय होतं? ११ मिनिटांत ६०० मिली, म्हणजे मिनिटाला ५५. दाब उतरवल्यामुळे ५५ चे ४२ झाले, एवढंच. गळती जागच्या जागी आहे. टँकमध्ये हवा भरल्यामुळे पंपाला जास्त वेळ झोप मिळाली, इतकाच फरक. मिनिटाला ४२ म्हणजे दिवसाला ६० लिटर. गळणारं पाणी गरम असेल तर त्याच्याबरोबर उन्हाने दिवसभर केलेलं कामही जातं.

हे आक्काला फोनवर समजावून सांगितलं. ती गप्प झाली आणि मग म्हणाली, "साठ लिटर? राकसकोपचं पाणी नळाला कधी येतंय म्हणून आम्ही वाट बघत बसतोय, आणि इथं साठ लिटर?" तिचं बरोबर आहे. राकसकोप म्हणजे शहराला पाणी देणारं धरण. बेळगावच्या काही भागांत चोवीस तास पाण्याची योजना २००८ पासून आहे, पण ज्यांच्याकडे ठरावीक वेळीच पाणी येतं त्यांना साठ लिटरची किंमत वेगळीच कळते. तिच्याकडे महापालिकेचं पाणी कमी पडलं की बोअरचं टाकीत घेतात, आणि ते जड आहे. पातेल्याच्या बुडाला पांढरा थर बसतो. हा थर पुढे कामाचा ठरला.

९ जानेवारी, गुरुवार, रात्री

गळकं पाणी पडतं कुठे? भिंती बघितल्या, फरशी बघितली, न्हाणीच्या पाठीमागची भिंत हाताने चाचपली. कोरडी ठणठणीत. साठ लिटर पाणी भिंतीत मुरलं असतं तर चार दिवसांत रंग फुगला असता.

मग सोलरकडे गेलो. सेफ्टी व्हॉल्व्हच्या तोंडाला कुणीतरी नीटनेटकं दिसावं म्हणून पाइप जोडून तो थेट पावसाच्या पाण्याच्या पाइपात घातला होता. व्हॉल्व्ह थेंबथेंब गळला तरी कुणाला दिसणार नाही अशी सोय. पाइप हाताला कोमट लागला. तिथेच समजलं.

जोड सोडवला आणि तोंडाला प्लास्टिकची पिशवी दोऱ्याने बांधली. तासाने पिशवीत ७०० मिली. मिनिटाला १२ च्या जवळपास.

टॉर्च लावून व्हॉल्व्हचं तोंड आतून बघितलं. ओठावर मिठाच्या खड्यासारखे पांढरे दाणे, आणि एका बाजूला पितळेवर हिरवट ओघळ वाळलेला. हा व्हॉल्व्ह असा का झाला तेही लक्षात येतं. २०० लिटर पाणी २२ अंशांवरून ६५ ला गेलं की साडेतीन लिटरने फुगतं. ते साडेतीन लिटर मागे सरकून प्रेशर टँकमध्ये मावायला हवं. पंपाच्या आधीचा नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह त्याला वरच्या टाकीत जाऊ देत नाही, आणि देऊही नये. प्रेशर टँकमध्ये हवा नाही, मग फुगलेलं पाणी जाणार कुठे? रोज दुपारी सेफ्टी व्हॉल्व्ह उघडायचा, जड पाणी बाहेर टाकायचा आणि बसताना बैठकीवर क्षाराचा दाणा घेऊन बसायचा. काही रुपयांच्या पिनने एक व्हॉल्व्ह खाल्ला.

भावजींनी एक विचारलं, सहज: "त्या तोंडाला एंड कॅप लावून टाकली तर?" मी त्यांना वडिलांच्या जागी मानतो, पण इथे आवाज चढला माझा. नाही म्हणजे नाही. त्या टाकीत पावसाळ्यासाठी विजेचं एलिमेंट आहे. एखाद्या दिवशी थर्मोस्टॅट चिकटला आणि वाफेला वाट नसली तर गच्चीवर बॉम्ब ठेवल्यासारखं होईल. सेफ्टी व्हॉल्व्ह गळत असेल तर बदलायचा. त्याचं तोंड बुजवायचं नाही, पुढे बॉल व्हॉल्व्ह बसवायचा नाही, काहीही करायचं नाही. त्यांनी ऐकून घेतलं. नंतर मीच पाया पडून आलो.

मावशी दारात बसून ऐकत होत्या. म्हणाल्या, "आमच्या बंबाला असलं काही नव्हतं बाबा." त्यांचं म्हणणं खरं आहे. तांब्याचा बंब वरून उघडा. वर गार पाण्याचा तांब्या ओतला की तेवढंच गरम पाणी तोटीतून बाहेर. पाणी फुगलं तर वर सरकतं, वाफ झाली तर वरून निघून जाते. दाब साचायला जागाच नाही. त्यांना सांगितलं, "मावशी, तुमच्या बंबाचं वरचं तोंड होतं ना, या टाकीला ते नाही. त्याच्या जागी हा एवढासा व्हॉल्व्ह आहे." त्यांना ते भावजींपेक्षा लवकर पटलं.

पण १२ मिली हा हिशेब पुरा होत नाही. अजून ३० बाकी.

११ जानेवारी, शनिवार

३० मिलीचा शोध.

दुपारी गच्चीवर पंपानंतरचे दोन्ही बॉल व्हॉल्व्ह बंद केले, गार पाण्याचा आणि सोलरचा. आता पंप, प्रेशर टँक आणि त्यांच्यातला हातभर पाइप एवढीच लाइन उरली. घर आणि सोलर दोन्ही सुटले. पंप २.८ ला बंद झाल्यावर प्लग काढला आणि बघत बसलो.

२५ मिनिटांत २.६.

पंपाखाली हात फिरवला, कोरडं. टिश्यू पेपर प्रत्येक सांध्यावर, गेजच्या आट्यांवर, स्विचच्या नळीवर, पंपाच्या सीलखाली ठेवून बघितला. कुठेही ओल नाही. हातभर पाइपातून तासाला दीड-पावणेदोन लिटर पाणी जातं आणि खाली एक थेंब पडत नाही. अशा वेळी माणूस गेजवर संशय घेतो. गेजही बदलून बघितलं, कारखान्यातून तपासलेलं आणलं होतं. तेही तेच दाखवतं.

मग एकच वाट उरली. पाणी पुढे जात नाही, खाली पडत नाही, म्हणजे मागे जातं. ज्या टाकीतून आलं त्याच टाकीत परत.

प्लग काढलेलाच होता, ती खात्री पुन्हा केली, कारण टाकीकडचा व्हॉल्व्ह बंद असताना पंप सुरू झाला तर कोरडा फिरून सील जळतं. मग वरच्या टाकीकडून येणारा गेट व्हॉल्व्ह बंद केला. गेज २.६ वर. भाचा आणि मी, दोघं गच्चीच्या कठड्याला टेकून उभे. खाली मागांचा आवाज, पलीकडच्या गच्चीवर वाळत घातलेली सुताची लडी. पाऊण तास झाला, तास झाला. काटा २.६ वरून केसभर हलला नाही.

गेट व्हॉल्व्ह परत उघडला. दहा मिनिटांतच काटा खाली सरकायला लागला.

नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह पास होतोय, म्हणजे बंद असूनही पाणी मागे सोडतोय. ही गळती डोळ्याला दिसणारच नव्हती, कारण ती टाकीतून निघून टाकीतच जात होती. पाणी वाया गेलं नाही हे खरं. पण वीज गेली, मोटर झिजली, आणि मावशींच्या डोक्यावरची धार हलत राहिली.

१२ जानेवारी, रविवार

उद्या भोगी. पुण्याहून भाची, जावई येणार. सगळ्यांच्या डोक्यावरून अंघोळी. आज काम संपवायलाच हवं होतं.

सकाळी खडेबाजारातून एक इंची पितळेचा स्प्रिंगचा नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह आणि ४ केजीचा सेफ्टी व्हॉल्व्ह आणला. सेफ्टी व्हॉल्व्ह घेताना दुकानदाराने ६ चा पुढे केला, "हा जास्त मजबूत आहे" म्हणून. इथे मजबूत म्हणजे उशिरा उघडणारा. टाकीच्या पट्टीवर ४ लिहिलंय, ४ चाच घेतला.

सोलरची टाकी आदल्या रात्रीपासून थंड ठेवली होती. एलिमेंटचा स्विच बंद, ट्यूबांवर गोणपाट. गरम टाकीचा व्हॉल्व्ह उघडायला जायचं नाही. दाब शून्यावर आणून मगच पाना लावला.

जुना नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह प्लंबरने युनियनमधून (खोलता येणाऱ्या जोडातून) सोडवून माझ्या तळहातावर ठेवला. बघितला तेव्हा दोघंही गप्प झालो. आतल्या रबरी चकतीखाली टेफ्लॉन टेपची बोटाच्या पेरापेक्षाही लहान पट्टी अडकलेली, पीळ पडून दोऱ्यासारखी झालेली. तिच्या दोन्ही बाजूंना क्षाराचे कण बसलेले. चकतीवर त्या पट्टीचा ठसा उमटला होता, नखाने लागेल इतका खोल. पट्टी काढली असती तरी चकती पुन्हा नीट बसली नसती. टेप लावताना आट्याच्या पहिल्या वेढ्यावर, अगदी तोंडाशी गुंडाळली की तिचा तुकडा आत सुटतो आणि पहिल्या व्हॉल्व्हमध्ये जाऊन बसतो. प्लंबरने नव्या जोडाला टेप लावताना पहिला आटा मोकळा सोडला. मी न सांगता. नवा व्हॉल्व्ह बसवण्याआधी बाण पंपाच्या दिशेने आहे ना ते दोघांनी बघितलं. आधी टाकीचं पाणी बादलीभर सोडून पाइप धुऊन घेतला.

सेफ्टी व्हॉल्व्हचा पाइप आता पावसाच्या पाइपात नाही. मोरीच्या जाळीवर वीतभर वर उघडा सोडलाय, खालच्या दिशेला, येणाऱ्या-जाणाऱ्याच्या पायावर गरम पाणी उडणार नाही असा. थेंब पडला तर दिसलाच पाहिजे.

दुपारी तीनला सगळं सुरू. लाइनमधली हवा काढायला प्रत्येक नळ एकेक करून सोडला. पंप २.८ ला थांबला. मी घरी जाऊन झोपलो नाही, आक्काकडेच थांबलो. रात्री दहापासून पहाटे पाचपर्यंत पंप एकदाही वाजला नाही.

पण पाचला गेज २.८ वर नव्हतं, २.७ च्या जरा खाली होतं.

१३ जानेवारी, सोमवार, भोगी

पहाटे पाचला तो काटा बघून मन खट्टू झालं, ते इथे लिहून ठेवतो. तीन ठिकाणं दुरुस्त केली आणि तरी उतरतंय? नवीन व्हॉल्व्हच खराब निघाला? मोरीच्या जाळीवर टॉर्च मारला, थेंब नाही.

मग चहा घेताना उलगडलं. पाणी फुगतं, तसंच आक्रसतं. काल दुपारी तीननंतर एलिमेंटवर पाणी चांगलं तापलं होतं, रात्री पाचेक अंशांनी उतरलं असेल. २०० लिटरला ५५-६० अंशांच्या टप्प्यात पाच अंश उतरले की जवळजवळ अर्धा लिटर आकार कमी होतो. तेवढी जागा प्रेशर टँकच्या हवेने भरून काढली आणि काटा साधारण ०.१३ ने उतरला. हिशेब जुळतो. तरी हिशेबावर विसंबलो नाही. सोलरचा फाटा बंद करून तासभर बघितलं. गार पाण्याच्या लाइनवर काटा हललाच नाही. गळती नाही.

सहापासून अंघोळी सुरू. सात माणसं. मावशींनी सगळ्यांच्या आधी केली, शॉवरखाली, स्टूलवर बसून. आक्का दाराबाहेर उभी होती. आतून आवाज आला, "आज पाणी शहाण्यासारखं येतंय गं."

भाजी-भाकरी खाऊन, तीळ लावलेली बाजरीची भाकरी डब्यात बांधून घेऊन कामावर गेलो.

१९ जानेवारी, रविवार

आठवड्याच्या नोंदी भाच्याने ठेवल्यात. रात्री पंप सुरू होण्याची संख्या: शून्य, शून्य, एक (कुणीतरी रात्री पाणी प्यायला उठलं), शून्य, शून्य, शून्य. जाळीवर थेंब नाही.

दुपारी एकला मीच गेज बघितलं. कडक ऊन. पंप बंद असताना काटा ३.२ वर. आक्का घाबरली, "परत वाढलं बघ." हे वाढणं बरोबर आहे. सकाळी अंघोळींनंतर टाकीत गार पाणी भरलं, ते उन्हाने तापून तीन लिटरभर फुगलं, आणि आता ते प्रेशर टँकमध्ये जाऊन हवेला दाबून बसलंय. सेफ्टी व्हॉल्व्ह उघडायची वेळ आली नाही. स्वयंपाकघरातला नळ दोन मिनिटं सोडला, काटा उतरला.

पण यावरून एक शंका आली म्हणून आकडे मांडले. पंप नुकताच २.८ ला थांबलाय, टाकी पूर्ण गार आहे, घराला कुलूप लावून सगळे लग्नाला गेले आणि दिवसभर ऊन पडलं, तर काटा ३.८ पर्यंत जाईल. पट्टीवर मर्यादा ३.५. रोजच्या दिवसात असं होत नाही, कुणीतरी भांडी घासतं, हात धुतं, दाब सुटतो. बंद घरात मात्र होईल. म्हणून आक्काला आणि भाच्याला दाखवून ठेवलं. बाहेरगावी जाताना एलिमेंटचा स्विच बंद, पंपाचा प्लग काढायचा, आणि एक नळ सोडून गेज दीडवर आणून मग नळ बंद करायचा. तिथून तापलं तर दोनच्या आतच राहील. भाच्याने गेजच्या काचेवर दीडच्या आकड्याशी लाल नेलपॉलिशचा ठिपका लावला, आईच्या डब्यातून न विचारता घेऊन.

२ फेब्रुवारी, रविवार

लाइन शून्यावर आणून टँकची हवा तपासली. १७.५ पीएसआय. भरली तेव्हा १८ होती. अर्ध्या पीएसआयचा फरक गेज लावताना सुटलेल्या हवेचा असू शकतो. पिनवर साबण लावला, बुडबुडा नाही. पुन्हा १८ केली, टोपी आवळली.

जुना नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह कारखान्यातल्या टेबलावर ठेवलाय, टेपची ती पट्टी तशीच आत. नवीन पोरं जोडणीला बसली की दाखवतो.

पुढची हवा तपासणी: पावसाळ्याच्या आधी, मे अखेर. सेफ्टी व्हॉल्व्हची कळ तेव्हाच एकदा उचलून सोडायची, क्षार बसलाय का बघायला.